इंजिन थांबतं तिथेच

चार सिलिंडरचं इंजिन बंद केलं की ते वाटेल तिथे थांबत नाही. किल्ली फिरवली, डिझेल तुटलं, पिस्टन फिरवतात तो दांडा, म्हणजे क्रँकशाफ्ट, मंदावला, की शेवटी एक पिस्टन असा येतो की त्याला समोरची दाबलेली हवा ओलांडून वर जाण्याइतका जोर उरलेला नसतो. तो अडतो, जरा मागे ढकलला जातो आणि त्याच्यासोबत सगळा गोतावळा एका ठरावीक जागी थांबतो. चार सिलिंडरमध्ये एका फेऱ्यात अशा जागा दोनच, एकमेकींच्या बरोबर समोर. तीन सिलिंडरच्या गाड्यांत तीन. म्हणजे गाडी रामकुंडाजवळ लावा, नाशिक रोड स्टेशनबाहेर लावा, नाहीतर त्र्यंबकला नेऊन बंद करा, आतलं फ्लायव्हील, म्हणजे क्रँकशाफ्टच्या टोकाला गिअरबॉक्सच्या बाजूने बसवलेलं जड चाक, त्या दोन जागांपैकीच एकीवर उभं राहणार. आणि सकाळी सेल्फ मारला की स्टार्टरचं छोटं दातेरी चाक, पिनियन, फ्लायव्हीलच्या कडेच्या दातेरी रिंगवर पुन्हा त्याच दातांवर येऊन आदळणार.

रिंगला शंभराहून जास्त दात असतात, पिनियनला नऊ-दहा. पिनियन पुढे सरकतं, दाताच्या कडेवर आपटतं, घसरून खोबणीत बसतं आणि मग इंजिन फिरवायला लागतं. दाताचा खरा घात त्या पहिल्या आपटण्यातच होतो. त्यामुळे समोरासमोरच्या दोन पट्ट्यांतले दात कडेने झिजून टोकदार होतात आणि उरलेली रिंग जवळजवळ कोरी राहते. "बाकीचे फुकट पगार घेतात," आमचे चाचा म्हणतात.

चाचा म्हणजे मुंबई नाक्याकडून द्वारकेकडे जाताना एका आतल्या गल्लीत ज्यांचं गॅरेज आहे ते. त्यांना चाचा म्हणणाऱ्यांत त्यांच्याहून वयाने मोठी माणसंही आहेत. माझी गाडी सेकंडहँड, डिझेलवरची, चार सिलिंडरची हॅचबॅक. निफाडचा पारा उतरल्याच्या बातम्या पेपरात यायला लागल्या त्या सुमारास तिने सकाळी नखरे सुरू केले. सेल्फ मारला की कधीकधी नुसतीच घर्रर्र, लोखंडावर लोखंड घासल्यासारखी, आणि इंजिन जागचं हलायचंही नाही. पुन्हा मारला की कधी गाडी लागायची, कधी नाही. सोसायटीच्या पार्किंगमध्ये निदानाला तोटा नव्हता. एकाच्या मते बॅटरी, दुसऱ्याच्या मते सेल्फ, तिसऱ्याला डिझेलमध्ये पाणी दिसत होतं. बॅटरी उतरलेली असती तर सेल्फ रडत फिरला असता किंवा नुसता टकटक करत राहिला असता. इथे तो चांगला ठणठणीत फिरत होता, फक्त पकडत नव्हता.

चाचांनी फोनवरच सांगितलं, "पुढच्या वेळी असं झालं ना, तर सेल्फ मारत बसू नका. किल्ली बंद करा, टॉप गिअरला टाका, खाली उतरा आणि गाडी वीतभर पुढे ढकला. मग न्यूट्रल करून मारा. लागली तर मला सांगा, नाही लागली तरी सांगा."

लागली. पहिल्या फटक्यात.

गिअरमध्ये गाडी ढकलली की चाकांकडून उलट इंजिनच थोडं फिरतं. म्हणजे पिनियनसमोर दुसरे दात आले, फुकट पगार घेणाऱ्यांपैकी. दोष सेल्फमध्येच असता, बेंडिक्स, म्हणजे पिनियनला सेल्फच्या मोटरशी जोडणारा भाग, घसरत असतं किंवा पिनियनचेच दात गेले असते, तर इंजिन कुठेही उभं असलं तरी रड तीच राहिली असती. एका ढकलण्यात सेल्फ आणि रिंग या दोन संशयितांपैकी सेल्फ जवळपास सुटला. ना कॉम्प्युटर, ना स्कॅनर, खर्च शून्य. हल्ली गाडीत काहीही झालं की आधी लॅपटॉप जोडतात. जोडावा, माझी तक्रार नाही. पण दात झिजल्याचा कोड कुठल्याही स्कॅनरवर येत नाही.

गॅरेजमध्ये चाचांनी आधी सेल्फ उतरवला. त्याचं पिनियन पाहिलं, बोट फिरवलं, बाजूला ठेवलं. सेल्फ निघाला की गिअरबॉक्सच्या घंटेला, म्हणजे फ्लायव्हील झाकणाऱ्या घंटेसारख्या कवचाला, एक भोक उघडं पडतं आणि त्यातून रिंगचे थोडे दात दिसतात. पोऱ्याने पुढून क्रँकच्या पुलीला पाना लावून इंजिन हळूहळू फिरवायचं आणि चाचांनी टॉर्च धरून एकेक दात बघत खडूची खूण करायची, असा कार्यक्रम चालला. मी मोबाइलचा कॅमेरा भोकाशी धरून बसलो होतो. चांगले, चांगले, चांगले, मग एकदम कुरतडलेले, काहींची तर निम्मी रुंदी गेलेली. पुन्हा चांगले. आणि अर्ध्या फेऱ्यानंतर पुन्हा तेच. सुरुवातीला जे लिहिलं ते मी त्या भोकातून बघत असताना शिकलो.

दुसरी एक तक्रार होती, ती मी आतापर्यंत वेगळी समजत होतो. गोदाघाटाकडून जुन्या नाशकात वर चढणाऱ्या गल्ल्या तुम्हाला माहीत असतील. तिथे चढावर थांबून पुन्हा गाडी उचलताना ती थरथरायची. पहिल्या गिअरमध्ये क्लच सुटत असतानाचे काही क्षण, अख्खी गाडी धडधडायची, आणि क्लच पूर्ण सुटला की जणू काही झालंच नाही. गाडी तापल्यावर जास्त. याची कारणं अनेक असू शकतात. इंजिनाचे माउंटिंग, म्हणजे ते ज्यांवर बसतं ते रबरी आधार, गेले असतील तर गाडी उभी असतानाही, क्लचला हात न लावता, इंजिन डुलताना दिसतं. क्रँकच्या मागच्या ऑइल सीलमधून तेल झिरपून क्लच प्लेटवर आलं असेल तर प्लेट कधी धरते, कधी सोडते. क्लच प्लेट संपत आली असेल तर वरच्या गिअरमध्ये ॲक्सिलरेटर दाबल्यावर इंजिन ओरडतं आणि गाडी मात्र आपल्याच तंद्रीत चालते. आवाजाचंही वेगळं गणित आहे. न्यूट्रलमध्ये पेडल दाबल्यावर किरकिर सुरू झाली तर पेडल दाबल्यावर क्लच सोडवणारं रिलीज बेअरिंग, आणि पेडल सोडल्यावर येणारी घरघर दाबल्यावर थांबली तर गिअरबॉक्सच्या आतलं बेअरिंग. चाचांनी हे सगळं एका फेरीत तपासलं. गाडी द्वारका चौकापर्यंत नेली, तिथल्या गर्दीत मुद्दाम घुसवली, परत आणली. येताना रेडिओ लावायचा नाही आणि बोलायचं नाही, हा नियम.

"रिंग तर गेलीच आहे. पण चेहरापण गेलाय," असं त्यांचं मत पडलं. फ्लायव्हीलच्या ज्या सपाट तोंडावर क्लच प्लेट दाबली जाते, त्याला ते चेहरा म्हणतात.

इथे थोडं आडवाटेने जातो. फ्लायव्हील मला नवं नव्हतं. माझे वडील सातपूरला एका प्रेसशॉपमध्ये होते. पत्र्यातून पार्ट कापणारा पॉवर प्रेस तुम्ही पाहिला असेल, तर त्याच्या बाजूला पुरुषभर उंचीवर फिरणारं ते भलंमोठं चाकही पाहिलं असेल. मोटर त्या मानाने लहानच असते. ती दोन ठोक्यांच्या मधल्या वेळात त्या चाकात ऊर्जा भरत राहते आणि ठोका पडतो तेव्हा चाक ती एका क्षणात ओतून टाकतं. म्हणूनच मोटर बंद केली म्हणजे प्रेस बंद झाला असं होत नाही. चाक फिरत असतं, तोवर त्याच्यात एक ठोका शिल्लक असतो. वडील सांगायचे की चाक पूर्ण उभं राहिल्याशिवाय डायमध्ये हात घालायचा नाही. त्यांच्या वयाच्या प्रेसवाल्यांमध्ये दहा बोटांनी निवृत्त झालेले सगळेच नव्हते. एमआयडीसीतल्या घरांमधून हे वेगळं सांगावं लागत नाही.

आजोळी, निफाडकडे, विहिरीवर ऑइल इंजिन होतं. पुण्यात किर्लोस्करांची ऑइल इंजिनांची कंपनी १९४६ मध्ये सुरू झाली आणि पुढच्या काही दशकांत वीज पोहोचली नव्हती अशा कितीतरी मळ्यांत पाणी या इंजिनांनीच उपसलं. ते सुरू करणं हा घरातल्या दणकट माणसाचा मान. एका हाताने डीकंप्रेशनचा खटका उचलून धरायचा, म्हणजे व्हॉल्व्ह उघडा राहतो आणि हवा दाबली जात नाही. दुसऱ्या हाताने हँडल फिरवत फ्लायव्हीलला वेग द्यायचा. वेग आला असं वाटलं की खटका सोडायचा. मग दाबलेल्या हवेच्या पहिल्या चढावरून पिस्टनला नेणारं मामाचं मनगट नसे, फ्लायव्हील असे. एकच सिलिंडर, त्यात दोन फेऱ्यांमागे एकदाच स्फोट. म्हणजे चार धावांपैकी एक कमाईची आणि तीन खर्चाच्या. त्या तीन धावा कोण ओढतं? तेच चाक.

मोटारीतही हेच चालतं, फक्त झाकलेलं. चार सिलिंडरचं इंजिन आयडलला, म्हणजे ॲक्सिलरेटर न दाबता, मिनिटाला ८०० फेरे फिरत असेल तर सेकंदाला सुमारे २७ स्फोट होतात. प्रत्येक स्फोट हा एक धक्का. तो धक्का थेट गिअरबॉक्सकडे जाऊ न देता मधल्या मध्ये पसरवून देणारं हे सात-आठ किलोचं लोखंड. साठणारी ऊर्जा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात असते. फेरे दुप्पट झाले की साठा चौपट, आणि आयडलला उतरलं की तितकाच कमी. नवशिक्याची गाडी नेमकी उचलतानाच का बंद पडते याचं उत्तर इथे आहे. त्या वेळी चाकाजवळ फारसं काही शिल्लकच नसतं.

तर गिअरबॉक्स उतरवायचा ठरला. या कामाचं खरं ओझं पार्टच्या किमतीत नसून या एका वाक्यात आहे. बॅटरी काढा, गिअरच्या केबल सोडवा, गिअरबॉक्सचं तेल काढा, दोन्ही बाजूंचे एक्सेल ओढून काढा, इंजिनाखाली जॅक लावा, माउंटिंग सोडा, घंटेचे बोल्ट काढा आणि मग ते धूड सरळ रेषेत मागे ओढून खाली घ्या. हे सगळं फक्त क्लचपर्यंत पोचण्यासाठी. म्हणून माझं ठाम मत झालंय की गिअरबॉक्स खाली आला की आतलं स्वस्त सामान जपत बसू नये. रिलीज बेअरिंग ठीक वाटतंय, राहू द्या, असं म्हणणारा मिस्त्री आपला फायदा करतोय असं वाटतं खरं. पण तेच बेअरिंग पुढच्या पावसाळ्यात ओरडलं तर मजुरी पुन्हा पूर्ण लागते. क्रँकच्या मागच्या ऑइल सीलचंही तसंच. सील हाताएवढं, त्याच्यापर्यंतची वाट दिवसभराची.

क्लच प्लेटला फ्लायव्हीलवर दाबून धरणारी प्रेशर प्लेट निघाली, क्लच प्लेट निघाली आणि चेहरा दिसला. भाकरीवर पडतात तसे त्यावर गोलाभर डाग होते, फक्त निळे. काही ठिकाणी निळ्याच्या कडेला तांबूस. डागांच्या मधून केसासारख्या बारीक रेषा बाहेरच्या दिशेला गेलेल्या. चाचांनी नख फिरवायला सांगितलं. नख अडत होतं. मग त्यांनी एक सरळ पट्टी तोंडावर आडवी ठेवली आणि खालून फीलर गेज, म्हणजे फट मोजायचं पातळ पातं, सरकवलं. मध्ये ते सहज आत गेलं, कडेला अडलं.

तापलेल्या लोखंडावर हवेमुळे जो पातळ थर चढतो त्याचा रंग तापमानाप्रमाणे बदलतो. गवती पिवळा साधारण २२०-२३० अंशांना, निळा ३०० अंशांच्या आसपास. म्हणजे हे तोंड कधी ना कधी तिथवर तापलं होतं. आणि जिथे जास्त तापून झटकन निवलं तिथे बिडाची जात बदलते, तो ठिपका आजूबाजूपेक्षा कितीतरी कठीण होतो. कठीण ठिपके कमी झिजतात, म्हणून उंच राहतात. क्लच प्लेट त्यांच्यावरून जाताना धर-सोड, धर-सोड करते. माझ्या चढावरच्या थरथरीचा हा पत्ता.

चाचा ते तोंड बराच वेळ न्याहाळत होते. मग म्हणाले, "आधीचा मालक हाफ क्लचवर गाडी धरायचा. चढावर ब्रेक लावायचाच नाही. पाय पेडलवरच ठेवून चालवायचा. आणि गाडी गावातच फिरली, हायवे कमी." पोऱ्या मान हलवत होता, जणू त्याच्या डोळ्यांसमोर तो माणूस उभा होता.

मला यातलं निम्मं पटलं. निळे डाग हाफ क्लचने पडतात हे खरं, पण पेडलची फ्री प्ले, म्हणजे क्लच सुटायला लागण्याआधीची मोकळी चाल, नीट नसेल तर सरळ चालवणाऱ्याच्या गाडीतही क्लच थोडा घसरतच राहतो. प्रेशर प्लेटची स्प्रिंग दमली तरी तेच. लोखंड तापलं होतं एवढंच लोखंड सांगतं. का तापलं, ते आपण त्याच्या तोंडी घालतो. रिंगचा पुरावा मात्र मला जास्त भक्कम वाटतो. रिंग किलोमीटरने झिजत नाही, सेल्फ किती वेळा मारला त्याने झिजते. रोज मुंबईला ये-जा करणारी गाडी घाट उतरते-चढते, कितीतरी किलोमीटर पळते आणि सेल्फ मारते मोजकेच. भाजी, शाळा, दवाखाना, देऊळ असं फिरणारी गाडी त्याच किलोमीटरांत कितीतरी पटींनी जास्त. माझ्या गाडीचं मीटर तिच्या वयाच्या मानाने कमी होतं आणि दात मात्र म्हातारे. एक तर ती खरंच गावातली होती, किंवा मीटर कुणीतरी मागे फिरवलं होतं. दोन्ही शक्यता उघड्या आहेत आणि मी त्या तशाच ठेवल्या. सेकंडहँड गाडी बघायला जाणाऱ्यांनी रबर, काच, गंज बघावेच. पण सेल्फ पाच-सहा वेळा, थोडी थोडी गाडी पुढे-मागे करून मारून बघणंही वाईट नाही.

आता प्रश्न उरला, हेच फ्लायव्हील दुरुस्त करायचं की नवं घ्यायचं. नाशकात हा प्रश्न जरा जास्त वेळ चघळला जातो, कारण अंबडला नाहीतर सातपूरला लेथवाला प्रत्येकाच्या ओळखीचा असतो. माझ्याही होता. त्याच्याकडे फ्लायव्हील घेऊन गेलो. त्याने मशीनवर चढवून डायल लावला, फिरवून पाहिला आणि मोकळेपणाने सांगितलं की तोंडावर फेसिंग मारता येईल, म्हणजे लेथवर पातळ थर कापून ते सपाट करता येईल, पण टूल त्या निळ्या ठिपक्यांवर उड्या मारणार. मऊ जागचं कापलं जाईल आणि कठीण ठिपका उंचच राहील. ग्राइंडिंग केलं तर सपाट होईल, पण ठिपका खोल असला तर तो आतून तसाच राहतो आणि काही महिन्यांनी पुन्हा डोकं वर काढतो. शिवाय धातू काढलं की प्रेशर प्लेट तेवढी आत सरकते, पेडलची मोजमापं बदलतात, आणि कंपनीने दिलेल्या किमान जाडीखाली तर जाताच येत नाही. स्वतःच्या तोंडचं काम असं परत पाठवणारा माणूस भेटला की त्याचं नाव सगळीकडे सांगावंसं वाटतं, पण त्याने सांगू नको म्हटलंय.

नुसती रिंगच गेली असती तर चित्र वेगळं होतं. रिंग ही फ्लायव्हीलवर गरम करून बसवलेली असते. जुनी तापवून किंवा छिन्नीने फोडून काढतात, नवी सगळीकडून सारखी तापवून पटकन वर टाकतात आणि ती निवताना आवळून बसते. तापवताना रंगावर नजर ठेवावी लागते, निळ्यापुढे गेलं तर दातांचं पाणी उतरतं. चाचा सांगतात की पूर्वी ट्रॅक्टर-ट्रकवाले नवी रिंगही घ्यायचे नाहीत. जुनीच उतरवून पाव फेरा फिरवून बसवायचे. झिजलेले दात इंजिनाच्या थांबण्याच्या जागांपासून दूर गेले आणि इतकी वर्षं फुकट पगार घेणारे कामावर रुजू झाले. या युक्तीवर मी बेहद्द खूश आहे.

माझ्या बाबतीत रिंग आणि चेहरा दोन्ही गेल्याने नवंच आणलं. क्लच प्लेट, प्रेशर प्लेट, रिलीज बेअरिंग, ऑइल सील सोबत. बसवणं त्या मानाने शांत काम. क्रँकवर ते एकाच स्थितीत बसतं, कारण एक भोक किंवा पिन मुद्दाम वेगळ्या जागी असते. बोल्ट नवे घ्यायचे, कारण अनेक गाड्यांत ते एकदा ताणले की पुन्हा वापरायचे नसतात. आवळायचे समोरासमोरचे आळीपाळीने, आधी टॉर्कने आणि मग जितके अंश सांगितले असतील तितके. नव्या फ्लायव्हीलच्या तोंडावर गंज लागू नये म्हणून तेलाचा थर असतो, तो पुसला नाही तर सगळी मेहनत पहिल्याच दिवशी पाण्यात. क्लच प्लेट मध्यावर धरायला चाचांकडे एका जुन्या गिअरबॉक्सचा शाफ्ट आहे, कापून हातात मावेल एवढा केलेला. गिअरबॉक्स चढवताना मात्र त्यांचा आवाज पहिल्यांदा चढला. त्याचं वजन क्षणभरही क्लचच्या मधल्या हबवर लटकू द्यायचं नाही, प्लेट वाकते, आणि मग नव्या सामानासह जुनी थरथर.

त्याच दिवशी शेजारच्या रॅम्पवर एक मोठी डिझेल एसयूव्ही होती, तिच्या फ्लायव्हीलची गोष्ट निराळी. त्यात एकाऐवजी दोन चकत्या असतात, मध्ये ग्रीसमध्ये बुडालेल्या लांब वळणदार स्प्रिंग. इंजिनाचे धक्के स्प्रिंग गिळतात, गिअरबॉक्सला गुळगुळीत फिरकी मिळते. स्प्रिंग थकल्या की आयडलला खडखड आणि इंजिन बंद करताना ठणकन आवाज. चकत्या हाताने एकमेकींवर पिळून बघतात. किती फिरली आणि किती डुलली तर चालेल याची मर्यादा कंपनी देते. फेसिंगबिसिंग सहसा नाही, गेलं की गेलं, आणि किंमत ऐकून माणूस खाली बसतो. म्हणून काहीजण त्याजागी साधं एकजीव फ्लायव्हील टाकून घेतात. मालकाने माझं मत विचारलं नव्हतं, तरी मी दिलं: जे धक्के स्प्रिंग खात होत्या ते आता गिअरबॉक्स खाणार, तेव्हा गाडी दोन वर्षांत विकायची असेल तरच. चाचांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी चहा आणायला निघून गेलो.

नव्या क्लचला पहिले काही शे किलोमीटर जपा, चढावर हँडब्रेक वापरा, एवढं सांगून त्यांनी किल्ली दिली. जुनं फ्लायव्हील मी भंगारात घालायला मागितलं. बिडाला किलोवर बरे पैसे येतात. ते मिळालं नाही. पोऱ्याने तोवर त्याच्या मधल्या भोकात पाइप ठोकून वेल्डिंग मारलं होतं आणि वर टेबल फॅन बांधायला तार शोधत होता.